तलवारीपासून गॉडझिलापर्यंत: एका जपानी संकलकाची कात्री

१९६६ साली जपानमध्ये प्रदर्शित झालेल्या 'दाइबोसात्सु तोगे' या कृष्णधवल सामुराईपटाचा शेवट पहिल्यांदा पाहणाऱ्याला वाटते की प्रोजेक्टरच अडकला असावा. माणसे मारणे अंगवळणी पडलेला र्युनोसुके हा तलवारबाज क्योतोमधील एका कलावंतिणीच्या घरात भ्रमिष्ट होतो, आधी पडद्यांवर दिसणाऱ्या सावल्यांवर आणि मग अंगावर चालून येणाऱ्या खऱ्या माणसांवर वार करीत सुटतो, स्वतः जखमी होतो, लडखडतो, तरी थांबत नाही, आणि पुढच्या वारासाठी तो झेपावत असतानाच चित्र जागच्या जागी थिजते. तो जगला की मेला हे आपल्याला कळत नाही. चित्रपट संपतो तो तिथेच.

यामागे एक व्यावहारिक कारण होते. मूळ कादंबरी अतिशय लांबलचक होती, पुढचे भाग काढण्याचा विचार होता आणि ते पुढे निघालेच नाहीत. पण कारण कोणतेही असो, हजारो फुटांच्या फिल्मपैकी नेमक्या कोणत्या चौकटीवर तो माणूस कायमचा अडकवून ठेवायचा, हा निर्णय कोणाला तरी घ्यावाच लागतो. फिल्म सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे २४ सुट्या चौकटी, या वेगाने धावते. चित्र पाच सेकंद थिजलेले दाखवायचे तर एकच फ्रेम १२० वेळा छापून घ्यावी लागते. ती फ्रेम दोन घरे अलीकडची घेतली तर तलवार अजून मागे असते, दोन घरे पलीकडची घेतली तर हालचाल पुसट होऊन चेहरा ओळखू येत नाही. या चित्रपटाचे दिग्दर्शक होते किहाची ओकामोतो, आणि संकलक होते तोहो या स्टुडिओचे योशितामी कुरोइवा. पुढे याच कुरोइवांनी गॉडझिला या महाकाय काल्पनिक प्राण्याचे काही चित्रपटही कापले. तलवारबाज, मंत्री आणि अजस्र प्राणी हे सगळे एकाच माणसाच्या टेबलावरून कसे गेले, हे पाहिले की संकलन म्हणजे काय हे बऱ्यापैकी उलगडते.

मराठी श्रेयनामावलीत 'संकलन' हा शब्द आपण इतक्या वेळा वाचतो की त्याचा अर्थ डोळ्यांसमोर येईनासा झाला आहे. संकलन म्हणजे एकत्र गोळा करणे. जपानीत यासाठी 'हेन्शू' हा शब्द आहे. तो चित्रपटालाही लागतो आणि मासिकालाही, आणि तो ज्या दोन चित्राक्षरांनी लिहितात त्यांतील पहिल्याचा अर्थ विणणे आणि दुसऱ्याचा गोळा करणे असा आहे. दोन्ही भाषांनी या कामाला कापण्यावरून नाव दिलेले नाही, हे मला फार नेमके वाटते. सामान्य प्रेक्षकाचा समज असा असतो की संकलक नको असलेला भाग काढून टाकतो. प्रत्यक्षात कापणे हा त्यातला सर्वांत सोपा भाग आहे. वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या जागी आणि अनेकदा वेगवेगळ्या माणसांनी चित्रित केलेले तुकडे अशा क्रमाने आणि अशा लांबीचे लावायचे, की पाहणाऱ्याला ते एकाच जागी, एकाच वेळी घडल्यासारखे वाटावेत. हे खरे काम.

कुरोइवांच्या काळात हे काम अक्षरशः हातांनी होत असे. ३५ मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम मावतात. म्हणजे एका सेकंदाला दीड फूट आणि एका मिनिटाला नव्वद फूट. दोन तासांचा चित्रपट म्हणजे १०,८०० फूट, आणि चित्रित झालेली फिल्म त्याच्या कित्येक पट. मूळ निगेटिव्हला आधी हात लावायचा नाही. तिची एक साधी प्रत काढायची, ती छोट्या पडद्याच्या यंत्रावर पुढेमागे फिरवायची, जिथे कापायचे तिथे मेणाच्या पेन्सिलने खूण करायची, कापायचे, जोडायचे, पुन्हा पाहायचे. महिनाभराने दिग्दर्शकाचे समाधान झाले की फिल्मच्या कडेला छापलेल्या आकड्यांवरून मूळ निगेटिव्ह त्याच मापाने कापायची. हातमोजे घालून करायचे हे काम आहे, आणि जगभरच्या स्टुडिओंत ते बहुतांशी स्त्रियांनी केलेले आहे. साध्या प्रतीवर चुकले तर नवी प्रत काढता येते. निगेटिव्हवर चुकले तर चुकलेच.

याचे एक उदाहरण तोहोच्याच घरातले आहे. १९६२ च्या 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला' या चित्रपटाची लांबी ९७ मिनिटे होती. १९७० साली लहान मुलांसाठी तोहो जो सुट्टीतला एकत्रित खेळ करीत असे, त्यात तो ७४ मिनिटांचा करून दाखवण्याचे ठरले, आणि ही काटछाट मूळ निगेटिव्हवरच झाली. त्यानंतर कित्येक वर्षे मूळ चित्रपट जसाच्या तसा, चांगल्या प्रतीत दाखवणे अवघड होऊन बसले. बाजूला पडलेले भाग मिळवून, जोडून त्याची स्वच्छ डिजिटल प्रत तयार व्हायला २०१६ साल उजाडले. तेवीस मिनिटांची ही कात्री सेहेचाळीस वर्षे महागात पडली.

त्या काळच्या जपानी संकलकाच्या कारकिर्दीविषयी एक गोष्ट समजून घेतली पाहिजे. तो आजच्यासारखा चित्रपटागणिक करार करणारा स्वतंत्र कारागीर नसे. तो स्टुडिओच्या चाकरीत असे. सहायक म्हणून लागायचे, तुकड्यांवर आकडे घालायचे, ते डब्यांत लावायचे, मागितला की क्षणात काढून द्यायचे, आणि अशी वर्षे काढल्यावर कधीतरी स्वतःच्या नावावर चित्रपट मिळायचा. मग स्टुडिओ जो देईल तो करायचा. या पठडीतून तयार झालेल्या माणसाला 'मी भयपटांचा संकलक' किंवा 'मी युद्धपटांचा संकलक' असे म्हणण्याची सोयच नव्हती. आज आपण ज्याला जॉनर सिनेमा म्हणतो, त्यातील सामुराईपटांची, युद्धपटांची आणि राक्षसपटांची हातोटी इतकी सारखी का दिसते, याचे एक उत्तर मला इथे सापडते. हात तेच होते.

सामुराईपटानंतर दुसऱ्याच वर्षी, १९६७ च्या ऑगस्टमध्ये, ओकामोतो आणि कुरोइवा या जोडीचा जो चित्रपट आला त्यात मारामारी फार थोडी आणि बैठका मात्र अगणित आहेत. 'निहोन नो इचिबान नागाई ही', म्हणजे 'जपानचा सर्वांत लांब दिवस'. १४ ऑगस्ट १९४५ च्या दुपारपासून दुसऱ्या दिवशीच्या दुपारपर्यंतचे चोवीस तास. सम्राटाने शरणागती स्वीकारली आहे, तिच्या घोषणेतील एकेका शब्दावर मंत्रिमंडळ अडून बसले आहे, सम्राटाच्या आवाजाची ध्वनिमुद्रिका तयार झाली आहे आणि काही तरुण लष्करी अधिकारी ती नष्ट करण्यासाठी राजवाड्यात घुसले आहेत. चित्रपट १५७ मिनिटांचा आहे. शेवट काय होणार हे जपानमधील प्रत्येक प्रेक्षकाला आधीच ठाऊक होते. तरीही तो श्वास रोखून पाहावा लागतो, आणि माझ्या मते याचे अर्धे श्रेय संकलनाचे आहे.

बैठकीचे दृश्य कापणे तलवारबाजीपेक्षा कठीण असते, असे म्हटले तर अतिशयोक्ती वाटेल. पण विचार करा. तलवारबाजीत हालचाल असते, आणि हालचालीच्या मध्यावर कापले की डोळा जोड पकडू शकत नाही: हात वर जाताना एक शॉट सोडायचा आणि खाली येताना दुसरा धरायचा. टेबलाभोवती बसलेल्या पंधरा वयस्क माणसांत अशी आयती हालचाल नसते. तिथे संकलकाला तीन गोष्टींवर काम भागवावे लागते. एक म्हणजे बोलणाऱ्याचे वाक्य पुरे होण्याआधीच त्याच्यावरून निघून जायचे, म्हणजे वाक्याचा उरलेला भाग ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर पडतो. दुसरे म्हणजे पुढच्या माणसाचा आवाज आधी आणि चेहरा नंतर आणायचा. तिसरी गोष्ट जागा बदलण्याची. मंत्री एका शब्दासाठी भांडत असताना तिकडे बराकीत कट शिजतो आहे, राजवाड्यात दरबारी अधिकारी ध्वनिमुद्रिका दडवतो आहे, आणि एका विमानतळावर आत्मघातकी उड्डाणासाठी पोरे निघाली आहेत, हे पुन्हा पुन्हा दाखवत राहायचे. प्रत्येक वेळी परत आल्यावर मंत्री अजून त्याच शब्दावर आहेत हे दिसले की प्रेक्षकाच्या पोटात गोळा येतो. घड्याळ दाखवण्याची गरजच उरत नाही.

इथे एक सावधगिरी बाळगायला हवी. ओकामोतो हे शॉटचे आराखडे स्वतः काढून, कापण्याच्या जागा मनाशी योजूनच चित्रीकरण करणारे दिग्दर्शक म्हणून ओळखले जात. अशा माणसाबरोबर काम करताना कोणता कट कोणाचा हे वेगळे काढता येत नाही, आणि काढू पाहणेही फारसे शहाणपणाचे नाही. पण आराखड्यात 'इथे कट' असे लिहिलेले असले तरी कोणत्या फ्रेमवर, हे यंत्रापाशी बसूनच ठरते.

हा बैठकीचा ठेका पुढे अनपेक्षित ठिकाणी उगवला. २०१६ मध्ये हिदेआकी आन्नो यांनी 'शिन गॉडझिला' केला, तेव्हा त्यात राक्षसापेक्षा मंत्र्यांच्या आणि नोकरशहांच्या बैठकाच जास्त होत्या: भराभर बोलणारी माणसे, प्रत्येकाच्या नावाची आणि हुद्द्याची पडद्यावर येणारी पाटी, वाक्य संपण्याआधीच होणारे कट. आन्नो हे ओकामोतोंचे निस्सीम चाहते आहेत आणि ते लपवत नाहीत. या चित्रपटात गोरो माकी नावाच्या एका बेपत्ता शास्त्रज्ञाचे केवळ छायाचित्र दिसते, आणि ते छायाचित्र खुद्द ओकामोतोंचे आहे. संकलन आन्नो आणि आत्सुकी सातो यांनी मिळून केले. त्यांतील सातो यांच्याकडे संगणकीय दृश्यांची देखरेखही होती. जपानच्या चित्रपट अकादमीने त्या वर्षीचा संकलनाचा पुरस्कार याच चित्रपटाला दिला. १९६७ च्या मंत्रिमंडळाची चाल एकोणपन्नास वर्षांनी गॉडझिलाच्या चित्रपटाला अशी उपयोगी पडली.

खुद्द कुरोइवांच्या वाट्याला गॉडझिला आला तेव्हा मात्र प्रश्न वेगळा होता, आणि तो समजण्यासाठी थोडे गणित करावे लागते. १९५४ च्या पहिल्या चित्रपटात गॉडझिलाची उंची ५० मीटर मानली होती. प्रत्यक्षात तो जाडजूड रबरी सूट घातलेला, सुमारे दोन मीटर उंचीचा माणूस होता, आणि त्याच्या पायाखालचे तोक्यो त्याच मापात, म्हणजे पंचविसाव्या हिश्शाने बनवलेले होते. आता ५० मीटरवरून खरी वीट पडली तर जमिनीवर पोहोचायला तिला सुमारे ३.२ सेकंद लागतात. दोन मीटरवरून पडणाऱ्या नकली विटेला लागतात ०.६४ सेकंद. म्हणजे पाचपट कमी. पंचविसाचे वर्गमूळ पाच, हे योगायोगाने आलेले नाही. पडण्याला लागणारा वेळ उंचीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतो. म्हणून बाहुलीच्या गावातली इमारत खरी वाटायला हवी असेल तर ती पाचपट हळू पडली पाहिजे, आणि त्यासाठी कॅमेरा सेकंदाला २४ ऐवजी १२० फ्रेम या वेगाने चालवला पाहिजे. जपानी चित्रपटांतील विशेष दृश्यांचे जनक एइजी त्सुबुराया यांनी वेगवान चित्रीकरणाची ही युक्ती मनापासून राबवली. गॉडझिलाचे वजन हे अशा रीतीने घड्याळातून आलेले आहे.

संकलकाची पंचाईत इथून सुरू होते. गॉडझिलाच्या चित्रपटात दोन पथके असत. एक नटांचे चित्रण करणारे, दुसरे राक्षसाचे. दोघांचे दिग्दर्शक वेगळे, कॅमेरे वेगळे, आणि वरील गणितामुळे दोघांचा काळच वेगळा. नटांचा माणूस सेकंदात मान वळवतो. राक्षसाची मान वळायला चार सेकंद लागतात. नटांचा शॉट फार लवकर कापला तर राक्षस सुस्त वाटतो, राक्षसाचा शॉट फार वेळ ठेवला तर गुडघ्यापाशी पडलेली रबराची घडी दिसते आणि सगळा डोलारा कोसळतो. शिवाय नट पाहत असतो रिकाम्या आकाशाकडे. तो ज्या बाजूला पाहतो त्याच बाजूने राक्षस यायला हवा, त्याच्या नजरेचा कोन राक्षसाच्या उंचीशी जुळायला हवा. हे जुळले नाही तर प्रेक्षकाला चूक सांगता येत नाही, पण भीती मात्र वाटत नाही.

१९७५ मध्ये कुरोइवांनी संकलित केलेला 'मेकागॉडझिलाचा (म्हणजे यांत्रिक गॉडझिलाचा) प्रतिहल्ला' हा पहिल्या गॉडझिलाचे दिग्दर्शक इशिरो होंदा यांचा दिग्दर्शक म्हणून शेवटचा चित्रपट ठरला. तोपर्यंत पैसे आटले होते. चित्रपटाची सुरुवातच मुळी आदल्या वर्षीच्या चित्रपटातील मारामारीच्या तुकड्यांनी होते. जुन्या फिल्मचे तुकडे पुन्हा वापरणे हा त्या दशकातील तोहोचा नेहमीचा उपाय होता. तीन वर्षांपूर्वीच्या एका चित्रपटात तर त्यापायी एकाच लढाईत दिवसाची रात्र आणि रात्रीचा दिवस होतो. त्या मानाने १९७५ चा चित्रपट नेटका आहे, पण त्याला त्या मालिकेतील तोवरचे सर्वांत कमी प्रेक्षक मिळाले आणि गॉडझिला नऊ वर्षे गोठला.

तो परतला डिसेंबर १९८४ मध्ये. दिग्दर्शक कोजी हाशिमोतो, विशेष दृश्यांचे दिग्दर्शक तेरुयोशी नाकानो, आणि संकलक पुन्हा कुरोइवा. तोक्योतील शिंजुकु भागातल्या नव्या गगनचुंबी इमारतींसमोर खुजा दिसू नये म्हणून गॉडझिलाची उंची ८० मीटर केली गेली. पण चित्रपटाचा कणा आहे तो पंतप्रधानांच्या बैठकीचा. अमेरिका आणि सोव्हिएत संघ, दोघेही गॉडझिलावर अणुबॉम्ब टाकण्याची परवानगी मागतात आणि जपानचे पंतप्रधान ती नाकारतात. पंतप्रधान झालेले केइजू कोबायाशी हे १९६७ च्या चित्रपटात ध्वनिमुद्रिका दडवणारे दरबारी होते. मला हे दृश्य पाहताना दर वेळी वाटते की संकलकालाही ही खोली ओळखीची वाटली असणार.

याच चित्रपटाचे पुढे जे झाले ते संकलनाच्या कोणत्याही वर्गात शिकवावे असे आहे. कुरोइवांच्या जपानी चित्रपटात तोक्योच्या उपसागरातील सोव्हिएत जहाजावर गॉडझिलाच्या हल्ल्यामुळे अणुक्षेपणास्त्राची यंत्रणा चुकून सुरू होते. जखमी सोव्हिएत अधिकारी ती थांबवण्यासाठी सरपटत जातो आणि पोहोचण्याआधीच मरतो. १९८५ मध्ये अमेरिकेत हा चित्रपट १०३ मिनिटांवरून ८७ मिनिटांवर आणून, काही नवी दृश्ये घालून दाखवला गेला. त्यात त्याच अधिकाऱ्याचे तेच सरपटणे आहे, तोच घामेजलेला चेहरा आहे. फक्त शेवटी एका बोटाचा छोटासा शॉट घातला आहे, आणि ते बोट बटण दाबते. जो माणूस जग वाचवायला धडपडत होता तो जग बेचिराख करायला निघालेला ठरला. नटाने अभिनय बदलला नव्हता, त्याचा चेहरा जपानमध्ये जो होता तोच अमेरिकेत होता. शीतयुद्धाच्या त्या दिवसांत हा बदल कोणाला का हवासा वाटला असेल हे वेगळे सांगायला नको.

जपानी आवृत्तीचा शेवट इझू ओशिमा बेटावरील मिहारा ज्वालामुखीवर होतो. पक्ष्यांच्या आवाजासारख्या संकेताने गॉडझिलाला विवराच्या तोंडाशी ओढून आणतात, सुरुंगांनी कडा उडवतात आणि तो लाव्ह्यात कोसळतो. दृश्य विजयाचे आहे, पण टाळ्या वाजत नाहीत. कोसळणाऱ्या राक्षसाच्या मध्ये दूर तोक्योत बसलेल्या पंतप्रधानांचा पाणावलेला चेहरा येतो, पुन्हा राक्षस, त्याची आर्त किंकाळी, पुन्हा चेहरा. कोबायाशी एका खोलीच्या सेटवर बसले होते. सुटाच्या आत घामाघूम झालेले केनपाचिरो सात्सुमा दुसऱ्या पथकाच्या स्टुडिओत नकली दगडांवरून घसरत होते, आणि तेही वेगवान कॅमेऱ्यासमोर, म्हणजे पडद्यावर दिसते त्याहून कितीतरी भरभर. पंतप्रधान या प्राण्यासाठी रडत आहेत हे चित्रीकरणाच्या वेळी दोन्ही सेटवर कोणालाच दिसत नव्हते.